मुसक्यावरचं गाणं

भाऊजी,

तुमच्या तेरवीला आलेल्या बायांपैकी एकीनं मला विचारलंच, "बाई, तुमी रडत काहून नाही हो?" मी म्हटलं, "दीर गेला तं वयनीनं कसं रडाचं, हे मले कोनी शिकवलं नाही. तुमाले येत असन तं दाखवा." ती बिचारी पदर सावरून दुसरीकडे जाऊन बसली. पाहिलंत? तुम्ही जाऊन तेरा दिवस झाले होते आणि माझी जीभ अजून तशीच होती.

पण मी खोटं बोलले नव्हते. बायकोनं नवऱ्यासाठी कसं रडायचं ते ठरलेलं आहे. आईनं लेकासाठी कसं रडायचं तेही. वहिनीचं आणि दिराचं नातं थट्टेचं. धुळवडीला एकमेकांना चिखलात लोळवायचं, पंगतीत पानात मिठाचा खडा लपवायचा, लग्नात उखाण्यात नाव गोवायचं. असा थट्टेचा माणूस मेला की काय करायचं, याची रीत आपल्या माळ्यांच्या घरात नाही, आणि बामणांच्या घरात असेल असंही वाटत नाही. म्हणून लिहायला बसले आहे. अक्षर तुम्हीच शिकवलेलं आहे. 'क'चं पोट तुम्ही फुगीर काढायचे तसंच माझंही निघतं.

मी या घरात आले तेव्हा बारा वर्षांची होते आणि तुम्ही पाच. शेंबूड वरच्या ओठापर्यंत आलेला, अंगात एक सदरा, खाली काही नाही. सासूबाई म्हणाल्या, "हे तुहे भाऊजी. यायले 'अहो' म्हनाचं." मी त्या नागड्या पोराला हात जोडून म्हटलं, "अहो भाऊजी, जरा नाक पुसता का?" सारं घर हसलं. तुम्ही रडत मळ्यात पळाले आणि वांग्याच्या ताटव्यात जाऊन बसले. आपली पहिली भेट ती. त्या बारा वर्षांच्या नवरीला आपण फार हुशार आहोत असं वाटलं, आणि पुढं वीस वर्षं ती तसंच समजत राहिली. आज ती मला भेटली तर मी तिला विहिरीतलं पाणी शेंदायला लावीन, बोलायला तोंड उघडूच देणार नाही.

तुम्ही मात्र तेव्हापासूनच माझ्या वाटची बोलणी खायला शिकले. माझ्या हातून दुधाचं गाडगं फुटलं की तुम्ही म्हणायचे, "मी फोडलं." गवारीची टोपली मी पाटात सांडली तेव्हाही तुम्हीच फटके खाल्ले. सासूबाईंनाही माहीत होतं. त्या तुम्हाला मारताना माझ्याकडे पाहायच्या. मी काय करत होते ठाऊक आहे? पदराआड हसत होते. तुम्ही वळ चोळत यायचे आणि विचारायचे, "हसू आलं ना वयनी?" जसं काही मला हसवायलाच मार खाल्ला.

मळा तुमच्या दादांनी धरला. तुम्हाला मातीत रस नव्हता. झेंडूच्या वाफ्यात उभं राहून तुम्ही पाकळीवर पाकळी ठेवून पाहायचे, हा पिवळा त्या पिवळ्यापेक्षा कसा वेगळा ते. दादा म्हणायचे, "फुलं इकाची असतात, पाहाची नाही." मग एक दिवस तुम्ही अकोल्याला गेले आणि मोटारी रंगवायचं काम शिकून दोन वर्षांनी परत आले. बडनेऱ्याच्या रस्त्यावर मोटारींचे सांगाडे बांधायचा कारखाना निघाला होता, तिथं लागले.

तुम्ही मला एकदा ते काम दाखवायला नेलं होतं. दादांच्या बैलगाडीतून पालक-मेथी बाजारात टाकून परत येताना. मला वाटलं होतं कुंचला असेल, डबा असेल, भिंत सारवतात तसं सारवत असतील. तिथं तर एक हवेची टाकी, टाकीतून निघालेली रबराची नळी आणि नळीच्या टोकाला पिस्तुलासारखी पिचकारी. तुम्ही घोडा दाबला आणि रंगाचं धुकं निघालं. मी म्हटलं, "माय! हे तं आपल्या संत्र्यावर मारतो तसं हाय." तुम्ही म्हणाले, "तसंच, पन उलटं."

उलटं म्हणजे काय ते मला तेव्हा कळलं नाही, कारण मी ऐकतच नव्हते. संत्र्याच्या झाडांवर मोरचूद मारायचं तर आपण वाऱ्याला पाठ देऊन उभं राहतो. वारा पुढं घेऊन जातो, आपल्या अंगावर येत नाही. हे आपल्या घरातलं तान्हं पोरही जाणतं. कारखान्यात वाराच नको असतो. ओल्या रंगावर धुळीचा एक कण बसला तरी मोटार पुन्हा घासावी लागते, म्हणून दारं लावून घ्यायची, जमिनीवर पाणी मारून धूळ बसवायची, आणि त्या बंद खोलीत रंगाचं धुकं करून त्यातच उभं राहायचं. शेतात आपण विषाच्या मागं उभे राहतो. तिथं तुम्ही त्याच्या पोटात उभे होते.

तुम्हाला ते माहीत होतं, हीच तर सल आहे. अकोल्याच्या उस्तादांनी तुम्हाला पहिल्याच दिवशी सांगितलं होतं, आणि तुम्ही घरी येऊन त्यांच्या आवाजात आम्हाला ऐकवलं होतं: "बेटा, जो रंग लोहे पे बैठता है, वो सीने में भी बैठेगा. आँख-नाक ढाँक के काम कर." त्यांनी स्वतः ते ऐकलं नव्हतं म्हणे. बोलता बोलता थांबून श्वास घ्यायचे.

तुम्ही सारं सामान जमवायला लागले. एका ड्रायव्हराकडून जुना चष्मा आणला, बाजूंना चामडं लावलेला. डोक्याला दादांचा जुना फेटा. मांजरपाटाचा लांब सदरा, मनगटाशी नाडी ओवलेली, म्हणजे बाहीतून रंग आत जाऊ नये. तोंडाला आणि गळ्याला खोबरेल, म्हणजे रंग कातडीला धरत नाही, साबणानं निघतो. हातमोजे शिवायचं काम तुम्ही माझ्यावर टाकलं. मी मोठ्या ऐटीत बसले, चोळ्या शिवते ना मी, हातमोजे काय चीज! दोन दिवसांनी तुमच्या हातात दिले. तुम्ही एक घातला, दुसरा घातला, आणि माझ्याकडे पाहत राहिले. दोन्ही डाव्या हाताचे होते.

"वयनी," तुम्ही म्हणाले, "उजवा हात तोडून टाकू का?"

मी म्हटलं, "तोडा. तसाबी तुमचा उजवा हात जेवाच्याच कामाचा हाय."

तुम्ही तो दुसरा मोजा उलटा करून घातला आणि तीन वर्षं वापरला. शिवणी बाहेर, दोरे लोंबत. मला कधी दुसरा शिवायला सांगितलं नाही. मीही शिवला नाही.

नाकाचं मात्र काही जमेना. नुसतं फडकं बांधलं की श्वास घेताना ते ओठांना चिकटायचं, ओलं व्हायचं, जीव गुदमरायचा. तुम्ही चार प्रकार करून पाहिले. मग एक दिवस गोठ्यात बसून, वासराला बांधतो ते सुतळीचं मुसकं हातात घेऊन तुम्ही बराच वेळ फिरवत राहिले. दुसऱ्या दिवशी बांबूच्या बारीक कामट्या वाकवून तसंच लहान मुसकं तयार केलं. आतून माझ्या जुन्या लुगड्याचे दोन पदर, त्या दोन पदरांच्या मधात पिंजलेला कापूस, मागं बांधायला दोन नाड्या. कामट्यांमुळे फडकं तोंडापासून बोटभर दूर राहायचं. श्वास घ्यायला जागा. रोज संध्याकाळी मधला कापूस बदलायचा. सेमाडोहकडच्या लाकडाच्या ठेकेदाराची गाडी रंगवली की तो कापूस हिरवा, चांदूर बाजारची मोटार रंगवली की लाल. तुम्ही तो कापूस मला दाखवायचे. "पाहा वयनी, हे सारं माह्या छातीत गेलं असतं."

मी तो कापूस चिमटीत धरून नाक मुरडायचे. वऱ्हाडात कापसाला काय तोटा, आणि तरी तुमच्याएवढा चांगला कापूस कोणी वापरलेला मी पाहिला नाही, हे आज सुचतं. तेव्हा काय सुचलं?

तेव्हा भुलाबाईचे दिवस होते. घरोघरी भुलाबाई मांडलेली, संध्याकाळी पोरी एका घरून दुसऱ्या घरी गाणी म्हणत फिरायच्या, खिरापत ओळखायची. गल्लीतली नवी गाणी मी जुळवून द्यायची, हा माझा मान. अठ्ठावीस-तीस वर्षांची बाई, दोन लेकरांची आई, पण पोरी अंगणात आल्या की माझ्या अंगात वारं शिरायचं. तुम्ही नेमके त्याच वेळी कारखान्यातून आले, मुसकं गळ्यात लोंबत होतं. पोरी फिदीफिदी हसल्या. आणि मी तिथल्या तिथं जुळवलं:

माह्या दिराच्या तोंडाले मुसकं गं बाई मुसकं,
कोनाच्या वावरात घुसला गं बाई घुसला,
पोरगी पाहाले गेला गं बाई गेला,
सासरा म्हने, आधी दात दाखव मले.

मुसकं कोणाला बांधतात? पिकात डवरा, म्हणजे कोळपं, ओढणाऱ्या बैलाला, उभं पीक खातो म्हणून. आणि दात कोणाचे पाहतात? बाजारात बैल विकत घेताना. लहान पोरींनाही कळलं, म्हणून तर त्या लोळून लोळून हसल्या. तुम्हीही हसले. मुसकं पुन्हा तोंडाला लावून बैलासारखे डुरकले. मला वाटलं, वा गं मी!

अशी ती शहाणी बाई. तिला एवढं कळलं नाही की भुलाबाई पौर्णिमेला उठते, गाणं उठत नाही.

गाणं पोरींच्या तोंडून पोरांच्या तोंडी गेलं, पोरांकडून रस्त्यावर, रस्त्यावरून कारखान्यात. ड्रायव्हर म्हणायला लागले. एक दिवस तुम्ही कामावर गेले तर पिचकारी टांगायच्या खिळ्याला कोणीतरी कडब्याची पेंडी बांधून ठेवली होती. दुसऱ्या दिवशी सरकीची ढेप. हे तुम्ही मला सांगितलं नाही. दादांना भाजीबाजारात कळलं आणि ते हसत हसत मला सांगत आले. मीही हसले, भाऊजी. मी पोळ्या लाटत होते आणि हसता हसता लाटणं हातातून पडलं.

मग चांदूर बाजारची सोयरीक आली. चांगली माणसं, संत्र्याचा बगीचा. पोरगी तुम्हाला आवडली होती, मी पाहिलं होतं ना तुमचं तोंड. पण मुलीचा भाऊ त्याच चांदूर बाजारच्या मार्गावर मोटार चालवायचा, गाणं त्याच्या कानी होतं. निरोप आला, "मुसकंवाल्या घरी पोरगी देत नाही." एवढाच. सासूबाईंनी तो निरोप तुमच्या पुढ्यात सांगितला. तुम्ही जेवत होते. घास खाल्ला, पाणी प्याले, उठले.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी विहिरीवर कपडे धूत होते. तुम्ही मुसकं हातात घेऊन आले. त्या वेळी तुमच्या आवाजात थट्टा नव्हती. मला तेवढं ओळखता यायला पाहिजे होतं. पाच वर्षांचे होते तेव्हापासून मी तुम्हाला ओळखत होते.

तुम्ही म्हणाले, "वयनी, ते गानं बंद करा ना."

मी काय म्हटलं? शब्द न शब्द आठवतो. मी धोतर आपटत म्हटलं, "गानं काय माह्या हातात हाय? साऱ्या गावाच्या तोंडाले मी मुसकं बांधू का?"

काय बोलले! काय मारलं! शेजारच्या बाया हसल्या.  मग तुम्हीही हसले, "हे बी खरं हाय" म्हणाले, आणि गेले.

त्या संध्याकाळी बदलायला कापूस निघाला नाही. दुसऱ्या दिवशीही नाही. मी विचारलं, "मुसकं कुठं हाय?" तुम्ही म्हणाले, "त्यात गुदमरते." मी म्हटलं, "बरं." हे 'बरं' म्हणणारी बाई कोण होती, भाऊजी? मला तिची ओळखसुद्धा सांगायची लाज वाटते.

मनात काही नव्हतं असं नाही. होतं. म्हणून तर मी गूळ सुरू केला. सरकीच्या धुळीत काम करणाऱ्या बाया संध्याकाळी गुळाचा खडा तोंडात टाकतात, छातीतली धूळ उतरते म्हणतात. साऱ्या वऱ्हाडाचा त्यावर विश्वास. मी रोज संध्याकाळी तुम्ही दारात पाय ठेवला की हातावर गूळ ठेवायचे. लिंबाएवढा. तुम्हाला गोड आवडत नव्हतं. तुम्ही माझ्याकडे पाहत पाहत तो चघळायचे. चौदा वर्षं. मला वाटत होतं, गाण्याची फेड होऊन राहिली. आता दवाखान्यातल्या डॉक्टरला मी भीत भीत विचारलं तर तो म्हणाला, "गूळ पोटात जातो, बाई. छातीचा रस्ता वेगळा." किती सोपी गोष्ट! चौदा वर्षांत मला सुचली नाही.

मी त्याला दुसरंही विचारलं. मुसकं बांधलं असतं तर वाचले असते का? त्यानं कसं होतं ते विचारलं, मी सांगितलं, दोन पदर, मधात कापूस. तो म्हणाला, "रंगाचे कण बरेचसे अडले असते. वास अडला नसता. थोडी वर्षं वाढली असती कदाचित. नक्की कोण सांगणार?" मला 'हो' तरी पाहिजे होतं नाही तर 'नाही' तरी. त्यानं 'कदाचित' दिलं. ते घेऊन मी बसले आहे.

आणि तुम्ही? शेवटच्या महिन्यात तुम्ही भिंतीला टेकून बसायचे, आडवं झालं की श्वास लागायचा. मी रोज ठरवून यायचे की आज बोलायचं. एका दुपारी तुमची गिरजा मळ्यात गेली होती, तुमच्या पोरी शाळेत. मी म्हटलं, "भाऊजी, मले तुमाले एक सांगाचं हाय." तुम्ही डोळे न उघडता म्हणाले, "त्या गान्याचं ना? त्याची शेवटची ओळ लंगडी हाय वयनी. बाकीच्या साऱ्या ओळीत 'गं बाई' हाय, तिच्यात नाही. तवाच सांगाचं होतं, राहून गेलं."

मी हसले. तुम्ही हसले. मग तुम्हाला खोकला आला आणि मी पाठ चोळत बसले, आणि गिरजा आली.

तुम्हाला वाटलं असेल, वहिनीला सोडवलं. दुधाच्या गाडग्यासारखं. पण मला तेव्हा सुटायचं नव्हतं. आपल्या दोघांमध्ये थट्टेशिवाय दुसरी भाषाच नव्हती, आणि त्या भाषेत 'चुकलं' म्हणता येत नाही. मी चौदा वेळा आले असेन तुमच्या खाटेशी. चौदा वेळा आपण हसलो.

आता जे घडलं ते सांगते. ते तुम्हाला ठाऊक नाही, आणि सांगितल्याशिवाय मला राहवत नाही.

तेरवीनंतर गिरजानं तुमची पेटी उघडली. तळाशी, फेट्यात गुंडाळलेलं, ते मुसकं निघालं. ती ते हातात धरून माझ्याकडे आली.

"बाई, हे काय हो? वासराचं मुसकं पेटीत काहून ठेवलं यायनं?"

गिरजा अकोल्याची. तुमचं लग्न गाण्याच्या दोन वर्षांनंतर झालं. तिच्यापर्यंत गाणं आलं ते भुलाबाईचं एक गाणं म्हणून, गल्लीतल्या बाकीच्या गाण्यांसारखं. कोणावरचं, कोणाचं, तिला काय माहीत? तुम्ही कधी सांगितलं नाही. मी म्हटलं, "ते काही नाही. काम करताना नाकाले बांधत होते पहिले."

हे बोलले आणि माझं मलाच कळलं की मी काय केलं. गिरजाचं तोंड बदललं.

"म्हंजे होतं? नाक बांधाचं होतं यायच्याजवळ?"

"होतं."

"मी बारा वर्सं बोंबलून राहिली, नाक बांधा, नाक बांधा. मले म्हने, 'गुदमरते.' आन हे पेटीत! चांगलं केलेलं! ऐट होती बाई, दुसरं काय? मानसाले बायको-लेकरापेक्षा ऐट प्यारी!"

ती रडत नव्हती. तुम्ही गेल्यापासून ती रडली नव्हती, पण आता तिला रागाला धरायला काहीतरी सापडलं. दुसऱ्या दिवशी ती पोरींपुढं बोलली. "तुमचा बाप आपल्या पायानं गेला. आपल्या हट्टानं." थोरली सुमन ऐकत होती, धाकटी तिच्या मांडीवर. शेजारणींनाही तेच. रोज तुमच्यावर आणखी एक फटका. मी चुलीपुढं बसून ऐकत होते. तुम्ही पाच वर्षांचे होते तेव्हा मी पदराआड हसले होते. आता माझ्या वाटचे फटके तुम्ही मेल्यावरही खात होते.

मला काय भीती होती ते सांगते. गिरजा आणि त्या दोन पोरी, एवढंच माझ्या भोवतीचं घर आहे आता. माझ्या लेकी सासरी, नातवंडं तिकडेच. तुमचे दादा दिवसभर मळ्यात. गिरजाला अकोल्याला भाऊ आहेत, ते पोरींसकट तिला न्यायला केव्हाही तयार. मी सांगितलं आणि ती उठून गेली तर मी कोणाला गूळ देऊ, कोणाची वेणी घालू? आठ दिवस मी गप्प राहिले. तोंडाळ बाई आठ दिवस गप्प! दादांनी विचारलं, "तब्येत बरी हाय ना?"

नवव्या दिवशी गिरजा तूर पाखडत होती. मी तिच्यासमोर बसले आणि सांगितलं. गाणं कोणी केलं. कडब्याची पेंडी. चांदूर बाजारचा निरोप. विहिरीवर तुम्ही काय म्हणाले, आणि मी काय म्हटलं. एकही गोष्ट गोड करून सांगितली नाही. कुठं हसू येईल अशी जागा आली की मी ती सोडून दिली, आणि तेव्हा मला कळलं की अशा जागा किती होत्या.

सुपातली तूर हलायची थांबली. ती म्हणाली, "त्यायनं मले एकदाबी काहून सांगितलं नाही?"

मी म्हटलं, "मले वाचवाले. लहानपनापासून तेच करत आले ते."

"तुमाले वाचवलं," गिरजा म्हणाली. "आन आमाले?"

भाऊजी, तेव्हा मला पहिल्यांदा तुमचा राग आला. एक दिवस जरी तुम्ही माझ्या अंगावर ओरडले असते, दादांपुढं, सासूबाईंपुढं, "या बाईनं माझं नाक उघडं केलं" म्हणून, तर मी लाजेनं मेले असते आणि दुसऱ्या दिवशी स्वतःच्या हातानं मुसकं बांधून दिलं असतं. तुम्ही हसले. फार चांगला होता तुमचा स्वभाव. त्या स्वभावाची किंमत गिरजानं दिली, मी नाही.

ती अकोल्याला गेली नाही. जाईन असंही म्हणाली नाही, राहीन असंही नाही. चार दिवस माझ्याशी कामापुरतं बोलली, मीठ कुठं आहे, पाणी आलं का. पाचव्या दिवशी माझ्याकडे न पाहता म्हणाली, "पोरीयपुढं मी त्यायले बोल लावला. तो माह्या तोंडून गेला. आता खरं काय ते तुमी सांगा त्यायले. माह्यानं होनार नाही."

धाकटीला काय सांगणार, ती पाचची. पण सुमन दहा वर्षांची आहे, तुमच्यासारखीच रंगात रंग पाहत बसते. यंदा आपल्या घरी भुलाबाई मांडली नाही. काल संध्याकाळी ती मळ्यात पाटाच्या कडेला बसली होती, मी तिच्याजवळ बसले. गल्लीतून पोरींची गाणी ऐकू येत होती. मी म्हटलं, "तुहा बाप हट्टी नव्हता. त्याचं नाक मी उघडं केलं." आणि सांगितलं. तिच्या वयाला पेलेल तेवढं, पण खरं.

तिनं सारं ऐकून घेतलं. मला वाटलं, आता ही उठेल, आता माझ्याकडे पाठ करेल. मी तयार होते. ती म्हणाली,

"मोठीमाय, मंग ते गानं मी बी म्हटलं हाय."

"कवा?"

"मागच्या साली. बाबापुढं. बाबा म्हने, एक गानं म्हन तं खिरापत देतो. मी तेच म्हटलं, हातवारे करून. दात दाखवाचं बी केलं." तिचा आवाज बारीक झाला. "बाबाले वाईट वाटलं असन का, मोठीमाय?"

मला ती संध्याकाळ लख्ख आठवली. तुम्ही उंबऱ्यावर बसले होते. सुमन परकर धरून नाचत होती, शेवटी तिनं बैलासारखे दात विचकले, आणि तुम्ही हसले. मान मागं टाकून, डोळ्यांत पाणी येईस्तोवर. मग खोकला आला. मी आतून पाहत होते. ते पाणी खोकल्याचं होतं, हसण्याचं होतं की आणखी कशाचं, ते मी तेव्हा विचारलं नाही. नेहमीप्रमाणे.

पोर माझ्याकडे पाहत होती. दहा वर्षांची आहे ती. माझं ओझं तिच्या डोक्यावर चाललं होतं.

मी म्हटलं, "नाही गं राजा. तुह्या तोंडून आयकलं तवाच तं ते गानं त्याले गोड लागलं. तो मनापासून हसला होता. मी डोयानं पाहिलं."

तिनं माझ्या मांडीवर डोकं ठेवलं.

भाऊजी, हसले होते ना तुम्ही? खरंच हसले होते ना? माझ्यासाठी नाही विचारत. मी पोरीला 'हो' सांगून बसले आहे.